भुतिणीची मनधरणी
जळगावचा आमचा भाचा मोबाइलच्या खेळात एका लपलेल्या भुतिणीची मनधरणी करतो. अचूक उत्तरं दिली तरच ती दिसते म्हणे!

हसू नका. विजयदान देथांच्या कथेवरच्या, अमोल पालेकरांच्या ‘पहेली’त (२००५) भूत नवऱ्याचं रूप घेतं, पण नववधूला खरं सांगून टाकतं. खरा नवरा लग्न होताच व्यापाराला गेलेला! आता सांगा, माणूस असून गैरहजर बरा, की भूत असून हजर?

लक्ष देणं हेच प्रेम, तर भाचा पास! पण भुतीण रुसली तर डाव पुन्हा मांडता येतो. धुळ्याला त्याची आजी रुसली, तर एसटीनं जाऊन, वांग्याचं भरीत खाऊन समजूत काढावी लागते. मागचा डाव पुसता येत नाही. प्रेमाची परीक्षा तिथंच असते, नाही का?