रेतीचे वाटेकरी

पुसदचा माणूस समुद्र पाहायला निघाला की पश्चिमेकडे तोंड करतो. सहल अलिबागची, नाहीतर गणपतीपुळ्याची. आपली नदी मात्र त्या बाजूला जातच नाही. पूस पैनगंगेला मिळते, पैनगंगा वर्धेला. वर्धा-वैनगंगेची प्राणहिता होते आणि ती सिरोंच्याजवळ गोदावरीत जाते. म्हणजे आपला खरा किनारा आंध्रात आहे, काकिनाडा-अंतर्वेदीकडे. तिकडच्या कोळ्याने पुसदचं नाव ऐकलेलं नसतं, आपण त्याच्या गावाचं.

किनाऱ्यावरची रेती समुद्राचीच, असं आपण धरून चालतो. बऱ्याच ठिकाणी ती नद्यांनी आणून दिलेली असते. एका पुरात थोडी, पुढच्या पुरात आणखी थोडी, अशी शेकडो वर्षं. लाटा ती ओढून नेतात, नदी भर घालते. नदीने हात आखडला की समुद्र जमीन खायला लागतो. काकिनाड्यासमोर गोदावरीच्याच गाळ-रेतीतून होप आयलंड नावाचा लांबलचक दांडा तयार झाला आहे. त्याच्या आडोशाला कोरिंगाची खारफुटी वाढते आणि दांड्यावर ऑलिव्ह रिडले कासवं अंडी घालतात. मादी रात्री वर येते, हातभर खोल खड्डा करते, शंभरेक अंडी पुरून निघून जाते. राखण करते ती रेती. पिल्लू नर होणार की मादी, हेही रेतीच्या उबेवर ठरतं. आपण जिला ब्रासने मोजतो, ती तिथे पाळणा असते.

गोदावरी 1970 च्या दशकात वर्षाला सुमारे 15 कोटी टन गाळ खाली नेत होती. 1990 च्या दशकात तो 6 कोटी टनांच्या आत आला. अभ्यासकांनी मुख्य बोट दाखवलं ते धरणांकडे. काकिनाड्याजवळच्या उप्पाडा गावात समुद्राने घरं गिळली, देवळं गिळली, रस्ता पुन्हा पुन्हा तोडला. तिथे बंदराच्या बांधकामाचाही हात आहे, सगळा दोष नदीचा नाही.

धरणं नकोत, असं मी म्हणणार नाही. 1972 चा दुष्काळ पाहिलेल्या आणि पूस धरणाचं पाणी पिणाऱ्या गावात तसं म्हणणं ढोंग ठरेल. तहानेपुढे रेतीचा हक्क मागे राहिला, हे समजू शकतं. पण धरणाखाली पात्रात जी उरते, तिचं काय? ती काही फक्त समुद्राच्या वाट्याची नाही. पुराचं पाणी धरून ठेवते, काठच्या विहिरी जिवंत ठेवते. पात्र खडकापर्यंत खरवडलं की पहिला फटका आपल्याच विहिरीला बसतो. समुद्र फार लांबचा.

रात्रीचा उपसा नियमाने बंद आहे. तरी पहाटे कोणाच्या तरी दारात ढीग पडलेला असतो आणि दार सज्जनाचं असतं. टिप्परवाल्याला आपण रेतीचोर म्हणतो, तहसीलदार पकडत नाहीत म्हणून ओरडतो, आणि भाव करताना ‘पावती नको, थोडं कमी करा’ हेही आपणच म्हणतो. अलिबागजवळ किहीमच्या किनाऱ्यावर 2004 साली रेती उपशाला आडव्या गेलेल्या पर्यावरण कार्यकर्त्या सुमैरा अब्दुलाली यांच्यावर हल्ला झाला. माणसावर हात उचलावा, एवढा पैसा या धंद्यात येतो कुठून? घर बांधणाऱ्याच्या खिशातून. चोरीचा माल घेणारा चोरीत भागीदार असतो, हे सोन्याच्या बाबतीत आपल्याला लगेच पटतं. रेतीच्या बाबतीत का पटू नये?

दगड भरडून केलेल्या कृत्रिम वाळूसाठी राज्य सरकारने 2025 मध्ये धोरण आणलं आहे. ज्यांचं बांधकाम या उन्हाळ्यात निघणार आहे, त्यांनी ठेकेदाराशी बोलतानाच ती कुठे कुठे चालेल ते विचारून घ्यावं. नदीची रेती लागणारच असेल, तर ट्रॅक्टर रिकामा होण्याआधी वाहतूक परवाना हातात घ्यावा आणि त्यावरची तारीख वाचावी. आणि ग्रामसभेत रेतीघाटाचा विषय निघेल त्या दिवशी घरी बसू नये.