उंबरठ्यावरचा नियम

नियम कठोर असावा की दयाळू, हा वाद फार जुना आहे. पण त्याहूनही महत्त्वाचा एक प्रश्न आपण क्वचितच विचारतो. नियमाने माणसाला गाठावे कोठे? उंबरठ्यावर, की घरात बोलावून पाटावर बसविल्यानंतर?

हा प्रश्न आमच्या वऱ्हाडाला नवा नाही. कुणाची हजेरी ७५ टक्के भरत नाही, कुणाचे आधीच्या परीक्षेतले गुण प्रवेशाच्या अटीला थोडक्यात कमी पडतात, तर कुणाचे महाविद्यालयच मान्यतेवाचून चाललेले निघते. मग अमरावतीला विद्यापीठाच्या पायऱ्या झिजवायच्या, आणि तेथे दाद लागली नाही की नागपूरच्या खंडपीठाची वाट धरायची. अकोल्याकडच्या एका शेतकरी बापाने मला एकदा विचारले होते, "गुरुजी, फी घेतली, पोराले पेपरात बसू देल्लं, मंग आता निकाल काऊन अडवून ठेवला?"

बापाचा प्रश्न साधा होता, पण तोच सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊन आलेला आहे. १९७५ साली कुरुक्षेत्र विद्यापीठाच्या खटल्यात न्यायालयाने सांगितले, की अर्ज तपासणे हे विद्यापीठाचे काम. विद्यार्थ्याने फसवणूक केली नसेल, तर परीक्षेला बसू दिल्यावर मागाहून त्याची उमेदवारी रद्द करता येत नाही. १९९० साली बेऱ्हमपूर विद्यापीठाच्या खटल्यातही हेच झाले. गुणपत्रिका पाहून ज्याला कायद्याच्या वर्गात घेतले, त्याला पुढे "तू पात्रच नव्हतास" असे म्हणायला न्यायालयाने मनाई केली.

हे वाचून मन सुखावते. पण १९९२ सालचा एक निर्णय आपल्याच महाराष्ट्रातला आहे. मान्यता नसलेल्या अध्यापक विद्यालयांतील विद्यार्थ्यांना परीक्षेला बसू द्यावे, असा उच्च न्यायालयाचा आदेश होता. सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. फी भरून बसलेल्या त्या मुलामुलींचा काय अपराध? प्रथमदर्शनी हा न्याय निष्ठुरच वाटतो.

मी पडलो शाळामास्तर. म्हणून मला त्या मुलांच्या पाठीमागे आणखी काही मुले दिसतात. उद्या यांच्यापुढे पाटी घेऊन बसणारी. त्यांचा वकील कोणत्याच कोर्टात उभा नसतो. पदवी ही केवळ पदवीधराची मिळकत नव्हे. त्याच्या हाताखाली येणाऱ्या अनोळखी माणसांना दिलेली ती हमी असते.

मग हे निर्णय एकमेकांच्या विरुद्ध आहेत का? मला तसे वाटत नाही. पहिल्या दोन खटल्यांत ज्याला तपासण्याचा अधिकार होता, त्यानेच दार उघडले होते. तिसऱ्यात ज्यांनी दार उघडले, त्यांचा त्या घरावर अधिकारच नव्हता. दिलेला शब्द पाळलाच पाहिजे. पण तो देणाऱ्याने आपल्या गाठीतून पाळावा, परक्या लेकरांच्या गाठीतून नव्हे. फसलेल्या विद्यार्थ्याची भरपाई झालीच पाहिजे. पण ती फी घेणाऱ्या संस्थेने करावी. परीक्षेचे दार उघडून देणे ही भरपाई नव्हे.

अमरावतीचे विद्यापीठ १९८३ साली स्थापन झाले आणि पुढे त्याला संत गाडगेबाबांचे नाव मिळाले. भांडी नसली तर भाकर हातावर घेऊन खा, पण पोरांना शिकवा, असे बाबा गावोगाव सांगत फिरले. ते ऐकून ज्याने कापसाच्या पैशातून फी भरली, त्याचे विद्यापीठाशी एक नाते जडते. त्याला दया नको असते. "तुझा मुलगा या अटीत बसत नाही," हे जुलैमध्ये, फीची पावती फाडण्यापूर्वी स्पष्ट सांगणारा कारकून त्याला हवा असतो. तो शब्द कडू लागेल, पण तेवढ्यात मुलाला दुसरी वाट धरता येते. तोच शब्द एप्रिलमध्ये कानी पडला, तर वर्ष गेलेले असते, पैसा गेलेला असतो आणि मुलाचा माणसांवरचा विश्वासही.

वेळेवर दाखविलेला कठोरपणा हा दयेचाच एक प्रकार आहे. उशिरा सुचलेल्या नियमाला मात्र शिस्त म्हणणे मला जड जाते.