द्व्यर्थ आणि दुटप्पीपणा

दादा कोंडके यांचा 'सोंगाड्या' (१९७१) मी प्रथम पाहिला तो साताऱ्याकडील एका यात्रेत, तंबूतल्या सिनेमात. तेव्हा मी दहा वर्षांचा असेन. भोळा नाम्या तमाशा पाहावयास जातो, नाचणारीच्या नादी लागतो आणि आईचा रोष ओढवून घेतो, इतकेच कथानक. तंबूत हशा उसळे तेव्हा वडील ताठ बसून राहत. आत्या मात्र पदर तोंडाला लावून हसे. सांगलीस परतताना वडिलांनी तिला विचारले, "अक्का, एवढे काय समजले तुला?" ती म्हणाली, "अरे, जे समजल्यामुळे तू हसला नाहीस, तेच."

द्व्यर्थी विनोदाची सारी नीतिमीमांसा या उत्तरात आहे, असे मला अजून वाटते. बोलणारा म्हणतो, माझा शब्द निर्मळ, मळ तुमच्या मनात. ऐकणारा म्हणतो, मला काही कळलेच नाही. दोघेही खोटे बोलतात आणि दोघांनाही ते ठाऊक असते. पंडिताच्या अशाच करामतीला आपण श्लेष म्हणतो आणि परीक्षेत त्याला गुण देतो! (मीही दिले आहेत.) तेव्हा अश्लीलतेची ओरड पुष्कळदा भाषेविषयी नसते, ती बोलणाऱ्याच्या धोतराविषयी असते.

तथापि माझा आक्षेप निराळा आहे. सांगलीजवळच्या हरिपूरचे गो. ब. देवल यांनी 'संशयकल्लोळ'मध्ये फसगत आणि अभिलाषा हेच विषय घेतले. मूळ प्रहसन मोलिएरचे. तेथेही रेवती नायकिणीचीच मुलगी; परंतु हसे होते ते संशयाने पछाडलेल्या फाल्गुनरावाचे, आणि रेवतीला नाटककार मानाचे घर देतो. कोंडके यांच्या पुढच्या चित्रपटांत विनोदाचा रोख अधिकाधिक स्त्रीच्या देहाकडे वळला. शब्दाला दोन अर्थ असल्यामुळे पुरुषास पळवाट मिळते. जिच्याकडे पाहून तो बोलला, तिला मात्र एकच अर्थ उरतो, आणि तो तिने निवडलेला नसतो.

त्या रात्री सिनेमाच्या तंबूशेजारीच तमाशाचा फड उतरला होता. वडिलांनी माझा दंड धरून पावले झपाझप उचलली. कनातीमागे, कंदिलाच्या उजेडात, एक बाई चेहऱ्याचा रंग न पुसताच लहान मुलीची वेणी घालीत होती. आत्या क्षणभर थांबली. यावेळी ती हसली नाही.