ऐकणाऱ्याचा वांटा

पापाचे वांटेकरी कोण, हा प्रश्न आपल्याकडे फार जुना आहे. वाल्या कोळ्यानें तो आपल्या बायकामुलांस विचारला, आणि ज्यांनीं वर्षानुवर्षें त्याच्या लुटीवर पोट भरलें त्यांनींच पापाचा वांटा घेण्याचें साफ नाकारलें. ही कथा लहानपणीं ऐकतांना आमचें लक्ष नेहमीं वाल्याकडे असे. त्याच्या घरच्या मंडळींकडे तें कधीं गेलें नाहीं. परवां एका दूरदेशच्या हकीकतीनें तें प्रथमच तिकडे वळविलें.

आमच्या घरांतील एक महाविद्यालयीन मुलगा 'ड्रिल' या नांवाचें रॅप संगीत ऐकत असतो. त्यांतील ठेका आम्हांसही आवडला. पाऊल ताल धरूं लागलें. गाण्यांत एक नांव फिरून फिरून येत होतें. तें कोणाचें, असें आम्हीं सहज विचारलें. "तो मेला. म्हणून तर त्याची थट्टा चालली आहे," असें मुलानें अगदीं शांतपणें सांगितलें. आमचें पाऊल जागच्या जागीं थांबलें.

हें संगीत अमेरिकेंतील शिकागो शहराच्या दक्षिण भागांत २०१० च्या सुमारास उदयास आलें. तें समजण्यास तेथील टोळ्यांची कुळकथा थोडी ठाऊक पाहिजे. १९७८ सालीं इलिनॉय राज्याच्या तुरुंगांत तेथील अनेक टोळ्यांचे 'फोक' व 'पीपल' असे दोन मोठे संघ बनले. एकाचें चिन्ह सहा कोनांचा तारा, दुसऱ्याचें पांच कोनांचा. गँगस्टर डिसायपल्स आणि ब्लॅक डिसायपल्स या टोळ्या एकाच मुळाच्या फांद्या, आणि दोन्ही 'फोक' संघांतल्या. तरी त्यांचें आपसांतील वैर भाऊबंदकीसारखें चिवट ठरलें. पुढें १९९० नंतरच्या दशकांत मोठे पुढारी दीर्घ शिक्षा भोगूं लागले. १९९८ ते २००७ या काळांत रॉबर्ट टेलर होम्स ही २८ इमारतींची सरकारी वसाहत टप्प्याटप्प्यानें पाडली गेली, कुटुंबें पांगलीं, आणि जुन्या टोळ्यांचे तुकडे झाले. आतां दोनतीन गल्ल्यांचा एक गट, आणि त्याला पुष्कळदां मारल्या गेलेल्या एखाद्या सवंगड्याचें नांव! पार्कवे गार्डन्स या वसाहतीस 'ओ ब्लॉक' हें नांव पडलें तें २०११ सालीं मारल्या गेलेल्या अशाच एका तरुणावरून. पूर्वीं वैर मुलखासाठीं आणि धंद्यासाठीं असे. आतां त्याचें मूळ पुष्कळ अंशीं शोकांत आहे. जें नांव एका गल्लीनें देवासारखें जपावें, त्याचीच विटंबना पलीकडच्या गल्लीनें करावी, असा हा प्रकार.

या विटंबनेचें साधन गाणें झालें. २०१२ सालीं चीफ कीफ हा १६ वर्षांचा मुलगा 'आय डोन्ट लाइक' या गाण्यानें देशभर गाजला, आणि एका बड्या ध्वनिमुद्रण कंपनीनें त्याच्याशीं करार केला. त्याच वर्षीं ४ सप्टेंबर रोजीं, प्रतिपक्षाला गाण्यांतून डिवचणारा लिल जोजो हा १८ वर्षांचा गायक गोळीस बळी पडला. २०२० सालीं एफबीजी डक या गायकानें प्रतिपक्षाच्या मृतांस हिणविणारें गाणें प्रसिद्ध केलें. ४ ऑगस्ट रोजीं श्रीमंती दुकानांच्या रस्त्यावर भर दिवसां त्याचा खून झाला. जानेवारी २०२४ मध्यें सहा जणांवर तो गुन्हा शाबीत झाला.

कोणी म्हणेल, असल्या गायकांस त्यांच्याच शब्दांवरून गुन्हेगार ठरवावें. हें आम्हांस मान्य नाहीं. काव्यांतला 'मी' म्हणजे प्रत्यक्ष कवि नव्हे, हें रसिकांस सांगावयास नको. समाजशास्त्रज्ञ फॉरेस्ट स्टुअर्ट यांनीं शिकागोतील अशा तरुणांच्या सहवासांत राहून २०२० सालीं 'बॅलड ऑफ द बुलेट' हा ग्रंथ लिहिला. पराक्रमाच्या पुष्कळशा वल्गना ऐकणाऱ्यांचें लक्ष वेधण्यासाठींच रचलेल्या असतात, असें त्यांस आढळलें. कॅलिफोर्निया राज्यानें २०२२ सालीं कायदा करून, कलाकृति पुराव्यांत घेण्यापूर्वीं तिनें ज्यूरीचें मन अन्यायानें कलुषित होईल काय, हें न्यायाधीशानें तोलून पाहावें असें ठरविलें. हें योग्यच झालें.

परंतु कायद्यानें निर्दोष तें नीतीनेंही निर्दोषच, असें होत नाहीं. दारिद्र्य, मरण, सूड यांचें वर्णन करणें हा कवीचा हक्क आहे. आपल्या गल्लीचें दुःख त्यानें न गावें तर कोणीं गावें? पण एका विशिष्ट मृत मुलाचें नांव घेऊन, त्याच्या आईच्या कानीं पडेल अशा रीतीनें त्याच्या मरणाची चेष्टा करणें, ही वर्णनाच्या पलीकडची गोष्ट आहे. तें गाणें म्हणजे एक कृत्य होय. वाल्याचा वाल्मीकि झाल्यावर त्यानें जें काव्य रचिलें, त्यांत राम रावणाच्या देहाचे संस्कार करण्यास बिभीषणास सांगतो. शत्रु पडला तेथें त्याचें वैर संपतें. हा विवेक गायकानें सोडला, हा त्याचा दोष आम्ही झांकूं इच्छित नाहीं.

पण तो एकट्याच्या माथीं मारून आपण मोकळे होऊं काय? गाणें जितक्या वेळां ऐकलें जाईल तितकी त्याची किंमत वाढते. नुसतें दुःख गाणाऱ्याकडे फारसें कोणी वळत नाहीं. खऱ्या वैराचा वास आला कीं दूरदूरचे श्रोते धांवतात. 'हा नुसता बोलतो कीं खरोखर करतो?' असें ते विचारतात, आणि ज्याला घर सोडून जाण्याची दुसरी वाट दिसत नाहीं असा १६-१७ वर्षांचा पोर त्या प्रश्नाला उत्तर देऊं लागतो. रक्त खरें असावें, पण तें आपल्या अंगणांत सांडूं नये, अशी ही आपली रसिकता! लूट आपण घरांत घेतों, आणि पाप तेवढें वाल्याचें म्हणतों.

आम्ही एकट्यानें ऐकण्याचें सोडलें म्हणून शिकागोंत काय थांबणार, ही शंका आम्हांसही आली. परंतु वांटा लहान म्हणून तो वांटा नव्हे, असा हिशोब कोणत्याही घरांत चालत नाहीं. गाणीं बंद करावीं, असें आमचें म्हणणें नाहीं; त्यांत पुष्कळ खरें दुःख आहे, आणि तें ऐकलेंच पाहिजे. मात्र एखादें नांव कानीं आलें कीं तें कोणाचें, हें विचारावें, आणि उत्तर कळल्यावर तालावर पाऊल पडतें कीं नाहीं तें स्वतःशीं पाहावें.

वाल्याच्या घरच्यांस निदान कोणी येऊन विचारलें तरी. आपणांस विचारावयास कोणी येणार नाहीं. तेव्हां तो प्रश्न आपला आपणच विचारला पाहिजे.