विटाळाची मुदत

२२ जुलै २०२१ ला तळीयेवर दरड कोसळली. कोंडाळकरवाडी मातीखाली गेली. ऐंशीच्या वर माणसं मेली, काहींची प्रेतंही मिळाली नाहीत. मी शेजारच्या गावचा. चिखल तुडवत तिकडं गेलो तेव्हा एक म्हातारा भेटेल त्याला विचारत होता, "ज्याचं प्रेतच गावलं नाय त्याचं सुतक कुठल्या दिसापास्नं धरायचं?"

मला राग आला. घर गेलं, गोतावळा गेला, आणि याला सुतकाची पडलीय! पुढं कितीतरी दिवसांनी डोक्यात उजेड पडला. म्हातारा सुतक धरायला नव्हे, सोडायला बघत होता. दहा दिवस कुठून मोजायचे एवढंच त्याला पाहिजे होतं.

दोस्तांनो, शिवू नको, खाऊ नको, नाव घेऊ नको, हे जगभर आहे. १७७७ साली कॅप्टन कुकने टोंगा बेटावर 'टाबू' हा शब्द ऐकला आणि तो इंग्रजीत गेला. फ्रॉइडने १९१३ साली त्यावर पुस्तक लिहिलं. त्याचं म्हणणं, जिथं मनाची ओढ तिथंच बंदी. जे कुणाला नकोच, त्याला मनाई कोण कशाला करील? हे वाचून आपले शिकलेले सवर्ण मित्र खूष होतात. विटाळ सगळीकडेच आहे, मग तुमच्याच अस्पृश्यतेचं एवढं काय, म्हणतात.

बाबासाहेबांनी याचा निकाल १९४८ च्या 'द अनटचेबल्स' मध्ये सुरुवातीलाच लावलाय. आदिम समाजांतले विटाळ त्यांनी तपासले. जन्म, पाळी, मरण. पण तो विटाळ प्रसंगापुरता. विधी झाला की माणूस परत माणसांत. हिंदूंनी मात्र जातीच्या जाती जन्मापासून विटाळलेल्या ठरवल्या, आणि मुदतच ठेवली नाही. दरडीखालचा देह न मिळूनही त्याच्या सुतकाला शेवट आहे. माझ्या आज्याच्या विटाळाला नव्हता.

आता आपलं महाड घ्या. २० मार्च १९२७ ला आपल्या माणसांनी चवदार तळ्याचं पाणी घेतलं. वीरेश्वराच्या देवळात शिरणार अशी आवई उठवून त्यांना झोडपलं. मग शेण, गोमूत्र, दूध, दह्याच्या १०८ घागरी घेऊन तळं शुद्ध केलं. म्हणजे बघा, तळ्याला उपाय होता! घागरी ओतल्या, मंत्र म्हटले, पाणी मोकळं. ज्यांच्या हातानं ते बाटलं त्यांना धुणारी घागर कुठल्या शास्त्रात नव्हती.

मला मात्र त्याआधीची तीन वर्षं जास्त छळतात. महाडच्या नगरपालिकेनं तळं १९२४ सालीच खुलं केलं होतं. ठराव कागदावर होता. मुसलमान पीत होते, ढोरं पीत होती. आपला हात पोचला नाही. भित्रे होते म्हणायची माझी छाती नाही. काठी खरी होती, डोकी खरंच फुटली. पण बंदी निम्मी काठीत असते आणि निम्मी आपल्याच हातात मुरलेली असते. ती निम्मी ठरावानं उठत नाही.

हे मी भाषणात सांगत आलोय. दर २० मार्चला तळ्यावर जातो, ओंजळ भरतो. गेल्या खेपेला घरी आलो तर बहीण पडवीत बसलेली. चौथा दिवस व्हायचा होता. म्हणाली, "दादा, तळ्याचं पाणी पिऊन आलास. माठाला मी शिवू का?"

आय चुलीपाशी होती. मी शिव म्हणालो. खरं तर माझा आवाज जरा खालीच होता. बहिणीनं तांब्या बुडवला, प्यायली. आय काही बोलली नाही. माठ ओतलाही नाही.

पण संध्याकाळपर्यंत ती त्यातलं पाणी प्यायली नाही. अंधार पडल्यावर कळशी घेऊन एकटीच बोअरिंगवर गेली.