टाळ्या कोण वाजवतो?

‘टीव्हीने पोरं बिघडवली’ हे वाक्य आमच्या पांढुर्णा-सौंसर भागात शाळेच्या स्नेहसंमेलनापासून जामसांवलीच्या हनुमान मंदिराच्या आवारापर्यंत कुठेही ऐकू येते. म्हणणारे माझे स्नेहीच आहेत आणि माझा वाद त्यांच्याशीच आहे. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या दोन्ही काठांवरून जिथे माणसे एकमेकांवर दगड भिरकावतात, तिथल्या थोरांनी मुलांमधल्या हिंसेचे खापर पडद्यावर फोडावे, हे मला पटत नाही.

दगडफेकीची ही गोटमार इथल्या माणसाला सांगायला नको. पात्रात पळस रोवायचा, त्यावर झेंडा लावायचा, एका बाजूने पांढुर्णा आणि दुसऱ्या बाजूने सावरगाव. दरवर्षी शेकडो जखमी होतात, माणसे मेलीही आहेत. प्रशासनाने बंदीचे आदेश काढले, दगडांऐवजी रबरी चेंडू देऊन पाहिले, पण दगड हटले नाहीत. हे सारे मुले काठावरून आणि छपरांवरून पाहतात. त्याच दिवशी नागपूरकडे तान्हा पोळा असतो. पोरे लाकडी नंदी सजवून घरोघर बोजारा, म्हणजे खाऊचे पैसे, मागत फिरतात. सण एकच, पण मुलांच्या हाती आपण काय देतो, ते इथे उघड दिसते.

टीव्हीविरोधी मंडळी मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट बंडुराचे नाव घेतात. १९६१ मध्ये स्टॅनफर्डला त्याने लहान मुलांना हवा भरलेल्या बाहुल्याला बडवणारा मोठा माणूस दाखवला, आणि मुलांनीही बाहुल्याला बडवले. एवढे सांगून ही मंडळी थांबतात. माझ्या मते खरा प्रयोग १९६५ चा आहे. त्यात मुलांना दाखवलेल्या चित्रपटाचे शेवट तीन होते: मारणाऱ्याला बक्षीस मिळते, शिक्षा होते किंवा काहीच होत नाही. शिक्षा पाहिलेल्या मुलांनी नक्कल कमी केली. नंतर ‘जे पाहिलं ते करून दाखव, बक्षीस मिळेल’ असे सांगताच तीही मुले इतरांइतकेच करून दाखवू लागली. म्हणजे मारणे साऱ्यांनीच शिकून ठेवले होते. ते बाहेर काढायचे की आत ठेवायचे, हे बक्षीस ठरवत होते. गोटमारीत हे बक्षीस कोण देतो? काठावर जल्लोष करणारे काका, मामा, आजोबा. कपाळावरची खूण कौतुकाने दाखवणारा बाप कोणत्याही मालिकेपेक्षा मोठा शिक्षक आहे.

पण इथेच मला टीव्हीलाही मोकळे सोडता येत नाही. काठावरचे मूल निदान रक्त पाहते, शुद्ध हरपलेला शेजारी पाहते, घरी आजीचे रडणे ऐकते. बातमीत आणि मोबाइलच्या फितीत दगड सुटतो, संगीत वाजते, झेंडा निघतो आणि चित्र संपते. टाके, फुटलेला डोळा, बुडालेली मजुरी कुठेच नसते. बंडुराच्या चित्रपटाचा जो शेवट मुलांना आवरत होता, तोच नेमका कापला जातो. मुलांना न शोभणारे कार्यक्रम त्यांच्या पाहण्याच्या वेळी दाखवू नयेत, असे केबल टीव्हीचे नियम सांगतात. पण बातमीच्या नावाखाली तेच चित्र दिवसभर फिरते. मुलांना हिंसा दिसते हा माझा मुख्य आक्षेप नाही. तिचा परिणाम त्यांच्यापासून लपवला जातो आणि वर थोरांची शाबासकी मिळते, हा आहे. ही शाबासकी नदीकाठी जन्मते आणि पडद्यावरून गावोगाव पोहोचते.

गोटमारीमागची श्रद्धा दुखावेल म्हणून बोलायचे नाही, असे मला सांगितले जाते. चंडीमातेची पूजा करा, पळस रोवा, झेंडा लावा, त्याला माझी हरकत नाही. जामसांवलीत हनुमंत निजलेल्या रूपात आहेत आणि मनाने खचलेली माणसे घेऊन घरची मंडळी तिथे येतात. आपली श्रद्धा दुखऱ्या माणसाला असा आसरा देऊ शकते. तिला दगडाची गरज नाही.

पांढुर्णा २०२३ मध्ये स्वतंत्र जिल्हा झाला. नव्या जिल्हा प्रशासनाने एवढे करावे: गोटमारीच्या दिवशी अठरा वर्षांखालील एकही मूल काठावर येऊ देऊ नये. वाहिन्यांनी दगडांची दृश्ये दाखवायचीच असतील, तर रुग्णालयातलीही दाखवावीत. आणि आईबापांनो, त्या दिवशी टाळ्या वाजवू नका.