संसार, इकडचा आणि तिकडचा

सकाळच्या पेपरात आतल्या पानावर एक ठरलेलं वाक्य असतं. कुठेतरी शॉर्टसर्किट होतं, घराला आग लागते आणि बातमी संपता संपता म्हणते, ‘संसारोपयोगी साहित्य जळून खाक झाले.’ पावसाळ्यात आगीच्या जागी पूर येतो. तेव्हा संसार उघड्यावर पडतात. २०१९च्या ऑगस्टमध्ये सांगली-कोल्हापूरकडचे पडले, २०२१च्या जुलैमध्ये महाड-चिपळूणचे. पाणी ओसरलं की तलाठी येतो, पंचनामा करतो. गाद्या, भांडी, धान्याची पिंपं, शिलाई मशीन. कागदावर ओळीने संसार उतरतो.

आपल्याला यात वावगं काही वाटत नाही. आपला संसार मोजता येतो, बांधता येतो, टेंपोत भरून दुसऱ्या गावी नेता येतो. रुखवतात त्याची छोटी प्रत मांडतात, भातुकलीत त्याहून छोटी. नोकरीसाठी परगावी गेलेला मुलगा भाड्याच्या खोलीत बॅग टेकवतो, कोपऱ्यातली शेगडी आणि दोन पातेली दाखवतो आणि हसत म्हणतो, ‘हा आमचा संसार.’

शब्द मात्र मुळात असा नव्हता. संस्कृतात ‘सृ’ म्हणजे सरणं, वाहत जाणं. सरिता याच धातूतली. त्याला ‘सम्’ जोडला की संसार. या जन्मातून त्या जन्मात सरत राहणं, न थांबता. कठोपनिषदात तो याच अर्थाने येतो. बौद्धांचं आणि जैनांचं वैदिकांशी पुष्कळ गोष्टींत पटलं नाही, पण संसारातून सुटायला हवं, यावर तिघांचंही एकमत. ज्यांनी हा शब्द रूढ केला त्यांच्या डोळ्यांसमोर पातेली नव्हती. त्यांना फक्त बाहेर जायची वाट हवी होती.

जैनांनी हा जुना अर्थ अजून जपला आहे. मुंबईतल्या एखाद्या गुजराती जैन घरातली मुलगी दीक्षा घेते, तेव्हा तिचं जन्माचं नाव ‘संसारी नाव’ होतं आणि आई ‘संसारी आई’ होते. एवढ्याशा विशेषणाने केवढं अंतर पडतं!

बाकीच्यांनी मात्र तत्त्वज्ञांचा हा शब्द घरी नेला आणि आपापल्या गरजेप्रमाणे वापरला.

हिंदीत संसार म्हणजे सगळं जग. ‘सारा संसार’ म्हटलं की डोंगर-समुद्रही आत आले. आपण ते जग चार भिंतींत बसवलं. गंमत म्हणजे संसाराचा जुळा भाऊ प्रपंच, त्याचंही आपण हेच केलं. तेलुगूत आणि कन्नडमध्ये प्रपंच म्हणजे जग. मराठीत प्रपंच म्हणजे पुन्हा घरच, पोटापाण्याची ओढाताण. हिंदीत तर प्रपंच रचणारा माणूस कारस्थानी ठरतो. एका भाषेत जे केल्याबद्दल कौतुक व्हावं, तेच दुसरीत केलं तर लोक सावध होतात.

बंगाली माणूस या बाबतीत आपल्या फार जवळचा. सत्यजित राय यांचा ‘अपूर संसार’ हा चित्रपट १९५९चा. परदेशांत तो ‘अपूचं जग’ अशा अर्थाच्या इंग्रजी नावाने गेला. मराठी प्रेक्षकाला त्या नावाची गरज नाही. त्याला मूळ नाव ऐकूनच कळतं की इथे एक खोली असणार, एक चूल असणार आणि ती फार दिवस पेटती राहणार नाही. अपू मित्राबरोबर एका लग्नाला जातो. नवरदेव वेडा निघतो. मुहूर्त टळला तर मुलीचं पुढे काय, म्हणून अपूलाच बोहल्यावर उभं करतात. मग कलकत्त्यातली रेल्वेच्या रुळांजवळची खोली, खिडकीला फाटका पडदा. अपर्णा पहिल्यांदा त्या खोलीत येते आणि गुपचूप रडते. पुढे ती सावरते. तो जेवायला बसला की ती पंख्याने वारा घालते आणि पुढच्याच दृश्यात ती जेवत असते, वारा तो घालत असतो. ती बाळंतपणाला माहेरी जाते आणि परत येत नाही. त्या दोघांच्या संसाराची एवढीच गोष्ट. इंग्रजी नावात जग आलं, पण पंखा राहून गेला.

तेलुगूत आणि तमिळमध्ये संसार म्हणजे कुटुंब. तमिळ बोलीत तर ‘माझा संसार’ म्हणजे माझी बायको. १९८६ साली विसू यांचा ‘संसारम् अदु मिन्सारम्’ हा चित्रपट आला. मिन्सारम् म्हणजे वीज. एकत्र कुटुंबात बाप-लेकाचं पैशांवरून बिनसतं आणि घराच्या मधोमध रेघ ओढली जाते, अशी ती कथा. संसार म्हणजे वीज, हे नाव आपल्या एखाद्या नाटकवाल्याला आधी सुचायला हवं होतं.

मग हा शब्द समुद्र ओलांडून गेला. व्यापाऱ्यांबरोबर गेला, भिक्षूंबरोबर गेला, राजांच्या शिलालेखांतल्या संस्कृतबरोबर गेला. नवव्या शतकात जावा बेटावर बोरोबुदूरचा बौद्ध स्तूप उभा राहिला. त्याच्या पायथ्याशी, कर्म आणि त्याची फळं दाखवणाऱ्या १६० शिल्पपट्ट्या आहेत. बांधणाऱ्यांनीच त्या पुढे दगडांनी झाकून टाकल्या. नंतरच्या शतकांत तिथले बहुतेक लोक मुसलमान झाले, पण शब्द राहिला. आज इंडोनेशियात आणि मलेशियात ‘सेंगसारा’ म्हणजे हाल, दुःख, यातना. जन्ममरणाचा फेरा गळून गेला आणि त्यातला त्रास तेवढा उरला. इंडोनेशियातले ख्रिस्ती लोक येशूच्या क्रूसावरच्या यातनांनाही सेंगसाराच म्हणतात. ज्याने कधी घर मांडलं नाही, त्याच्याही वाट्याला हा शब्द आला.

१९२० साली तिथे एक कादंबरी प्रसिद्ध झाली, ‘अझाब दान सेंगसारा’. आधुनिक इंडोनेशियन साहित्यातली ही अगदी सुरुवातीची कादंबरी. लेखक मेरारी सिरेगार, सुमात्रातल्या बटक समाजातले. नावातला अझाब अरबीतून आलेला, सेंगसारा आपल्याकडून. अर्थ दोन्हींचा एकच, यातना. कथा मारिआमिन नावाच्या मुलीची. तिचं अमिनुद्दीनवर प्रेम. पण तिच्या घराला गरिबी आलेली, त्यामुळे त्याच्या बापाला हे स्थळ नको. त्याचं लग्न दुसरीकडे होतं. तिचंही एका अनोळखी माणसाशी लावून देतात. तो आजारी, संशयी आणि मारझोड करणारा. ती पोलिसांकडे जाते, सुटका करून घेते, माहेरी परतते आणि तिथेच संपते. वाचताना हरिभाऊ आपट्यांची यमू आठवते. तिची कहाणी सांगणारी ‘पण लक्षात कोण घेतो?’ ही कादंबरी त्यांनी याच्या साधारण तीस वर्षं आधी लिहायला घेतली होती. पुणे आणि सुमात्रा यांच्यात एवढा समुद्र, पण मारिआमिनच्या संसाराला सेंगसारा म्हणायला पुण्यातल्या कुठल्याही बाईने हरकत घेतली नसती.

थायलंडमध्ये हाच शब्द ‘सोंगसान’ झाला. तिथे तो दुःखापाशी थांबला नाही. त्याचा अर्थ झाला कीव, दया. रस्त्यात पावसाने भिजलेलं कुत्र्याचं पिल्लू दिसलं की थाई माणूस ‘ना सोंगसान’ म्हणतो. म्हणजे बिचारं. फेऱ्यात अडकलेल्या जीवाकडे पाहून जे वाटावं, तेच शब्दाचा अर्थ होऊन बसलं. शेजारच्या कंबोडियात ‘सोंगसा’ म्हणजे प्रियकर किंवा प्रेयसी. जिच्यापायी माणूस या फेऱ्यात अडकतो ती, की जिची गाठ कुठल्याशा मागच्या जन्मापासून ठरलेली होती ती? ज्याने त्याने आपलं ठरवावं.

बुद्धाने ज्यातून सुटायला सांगितलं, त्याचं नाव बौद्ध देशात लोकांनी प्रियेला दिलं. मला यात बंडखोरी दिसत नाही. लोक धर्म ऐकतात, मान डोलावतात आणि संध्याकाळी घरी जातात.

आपल्याकडचा अर्थ इतका ओळखीचा आहे की त्यातला एक बारकावा सहसा नजरेत येत नाही. मराठीत पुरुष संसारात ‘पडतो’. बाई संसार ‘करते’. मुलाबद्दल विचारलं तर आई सांगते, पोराचं बरं चाललंय. मुलीबद्दल विचारलं तर म्हणते, पोरीचा संसार सुखाचा आहे. पडणाऱ्याला वर येण्याची सोय असते. करणाऱ्याला मधेच हात काढून घेता येत नाही.

जांबच्या नारायणाची कथा आपण लहानपणापासून ऐकतो. बोहल्यावर उभा असताना भटजींनी ‘सावधान’ म्हटलं आणि तो खरोखर सावध होऊन पळाला. पुढे तो समर्थ रामदास झाला. कथा रंगवून सांगतात, ऐकणारेही हसतात. अंतरपाटापलीकडे उभ्या असलेल्या मुलीबद्दल मात्र कुणी फारसं बोलत नाही. सावधान तिलाही ऐकू आलंच असेल. रामदासांच्या बाजूने एवढं म्हणायला हवं की, पळालेल्या माणसाने पुढे दासबोधात लोकांना पळायला सांगितलं नाही. आधी प्रपंच नीट करा, असं बजावलं.

संसाराबद्दल मराठीत सगळ्यात खरं बोललं गेलं ते मठात नाही, चुलीपाशी. असोद्यात जन्मलेल्या बहिणाबाईंना लिहिता-वाचता येत नव्हतं. तरुणपणीच वैधव्य आलं, पुढे शेत आणि मुलं. त्यांनी संसार तापलेल्या तव्यापाशी नेऊन ठेवला आणि त्यात तक्रार नव्हती. घरातल्या मुलांनी ऐकून ऐकून ओव्या टिपल्या म्हणून त्या आपल्यापर्यंत आल्या. १९५२ साली पुस्तक निघालं, तेव्हा बहिणाबाई जाऊन काही महिनेच झाले होते.

या सगळ्या अर्थांमध्ये मला सगळ्यात आवडतो तो केरळातला. मल्याळममध्ये संसारम् म्हणजे बोलणं. दोन माणसांनी एकमेकांशी केलेल्या गप्पा. ‘संसारिक्कुक’ म्हणजे बोलणे. गप्प बसा म्हणायचं असेल तर ‘संसारिक्करुत्’. मराठी कानाला ही आज्ञा एखाद्या मठाच्या दारावर शोभेल अशी वाटते, आणि मल्याळी माणूस मात्र ती वर्गातल्या बडबड्या मुलांना उद्देशून म्हणतो.

‘सम्’ म्हणजे एकत्र, बरोबर. बरोबर चालता चालता माणसं बोलणारच. त्या अर्थाने केरळ मूळ धातूपासून फार लांब गेलेलं नाही. लांब गेलो असू तर आपण. आपण चालणं ठेवलं, भांडी ठेवली, हप्ते ठेवले, मुलांच्या शाळेच्या वेळा ठेवल्या. बोलणं आपल्या संसारात येतं, पण ते असायलाच हवं असं शब्द काही म्हणत नाही. मराठीत एकमेकांशी न बोलता तीस वर्षं संसार करता येतो. लोक त्याला चांगला संसारही म्हणतात, कारण भांडण ऐकू येत नाही. मल्याळममध्ये हे वाक्य तयारच होत नाही.

सकाळी घरात घाई असते, हे मला ठाऊक आहे. तरी आज बाहेर पडण्याआधी घरातल्या कुणाशी तरी दोन वाक्यं जास्त बोला. ‘येताना दूध आण’ हे मात्र त्यात धरू नका.